बेने इस्रायलांचे मराठी कीर्तन

नवे संगीत शिरले की धर्म बाटतो, असे म्हशाच्या जत्रेतही कोणी म्हणते. त्यांनी हा दाखला पाहावा. कोकणात तेलघाणे चालविणारे आणि शनिवारी घाणा बंद ठेवणारे ‘शनवार तेली’, म्हणजे बेने इस्रायल ज्यू, घरी मराठीच बोलत. ठाण्यात १८७९ साली त्यांचे प्रार्थनामंदिर उभे राहिले. पण प्रार्थना हिब्रूत, अर्थ थोड्यांनाच कळे. देवाचे बोलणे कामकऱ्याला कळू नये, हे मला कधीच पटले नाही. त्यांनाही पटले नसावे. १८८० साली मुंबईत बेंजामिन शिमशोन अष्टमकर प्रभृतींनी हरिदासी कीर्तनाचा घाट उचलला. साक्या, दिंड्या शेजाऱ्यांच्या. आख्यान अब्राहामाचे, योसेफाचे, मोशेचे. चाल घेतली, देव बदलला नाही. पुढे इस्रायलात गेलेल्यांनी ही मराठी पदे बरोबर नेली.