फवारणीतली विषबाधा कागदावर कशी उतरते?

२०१७च्या खरिपात यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारणी करताना वीसहून अधिक शेतकरी-शेतमजूर दगावले, शेकडो जण दवाखान्यात भरती झाले. माहूर तालुका नांदेड जिल्ह्यात मोडतो खरा, पण यवतमाळ जिल्हा पैनगंगेच्या पलीकडे लगेच सुरू होतो. दोन्हीकडे कपाशी तीच, पाठीवरचे पंप तेच. गंभीर रुग्णाला माहूरहून नांदेडपेक्षा यवतमाळ जवळ पडतं. त्यामुळे तिथे जे घडलं ते माहूरकरांनी आपलंच समजावं.

पहिला गैरसमज रानातच ऐकू येतो: औषध पोटात गेलं तरच विषबाधा, फवारताना होते ती नुसती भोवळ, उन्हाचा त्रास. वस्तुस्थिती अशी की मोनोक्रोटोफॉस, प्रोफेनोफॉससारखी ऑरगॅनोफॉस्फरस कीटकनाशकं कातडीतून, डोळ्यांतून आणि श्वासातूनही अंगात भिनतात. तोंडाला लाळ, दरदरून घाम, बारीक झालेल्या बाहुल्या, स्नायूंची थरथर ही त्यांची लक्षणं. आंतरराष्ट्रीय रोगवर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीत, म्हणजे आयसीडी-१० मध्ये, कीटकनाशकांच्या विषारी परिणामांसाठी ‘टी ६०’ हा स्वतंत्र गट आहे. विष तोंडावाटे गेलं की कातडीतून, यावरून हा गट बदलत नाही.

‘औषध म्हणजे औषध, नाव कशाला हवं?’ हा दुसरा गैरसमज. टी ६०च्या पोटात वेगवेगळी घरं आहेत. ऑरगॅनोफॉस्फरस आणि कार्बामेट गटांना टी ६०.०, एंडोसल्फानसारख्या क्लोरीनयुक्त कीटकनाशकांना टी ६०.१, इमिडाक्लोप्रिड, सायपरमेथ्रिन वगैरे इतर कीटकनाशकांना टी ६०.२, तणनाशकं-बुरशीनाशकांना टी ६०.३, उंदीरनाशकांना टी ६०.४. नावच कळलं नाही तर टी ६०.९, म्हणजे ‘अनिर्दिष्ट’. हा फरक कारकुनी नाही. ऑरगॅनोफॉस्फरसवर अॅट्रोपिन कामी येतं. पॅराक्वॅट या तणनाशकावर उतारा नाही आणि त्यात सरसकट ऑक्सिजन देणंही घातक ठरू शकतं. रिकामी बाटली घरी राहिली की डॉक्टरांना लक्षणांवरून अंदाज बांधावा लागतो, आणि पुढे नोंदही ‘अनिर्दिष्ट’मध्ये जमा होते.

तिसरा गैरसमज सर्वांत महागात पडतो. पोलीस केस होईल या धास्तीनं नातेवाईक फवारणीचा उल्लेखच टाळतात, किंवा ‘काहीतरी पोटात गेलं’ एवढंच सांगतात. वर्गीकरणात विषाच्या संकेतांकाला हेतूचा दुसरा संकेतांक जोडतात: अपघातानं कीटकनाशकाची बाधा झाली तर एक्स ४८, स्वतःहून घेतलं तर एक्स ६८, हेतू ठरवताच आला नाही तर वाय १८. जागेचाही आकडा असतो, शेतासाठी ७. म्हणजे रानात फवारताना अपघातानं बाधा झालेल्या माणसाची पूर्ण नोंद एक्स ४८.७ अशी होते. आत्महत्यांच्या बातम्यांनी होरपळलेल्या आपल्या भागात कीटकनाशक आणि मृत्यू हे शब्द जवळ आले की ऐकणारा आत्महत्याच धरून चालतो. ‘सकाळपासून फवारत होता, दुपारी रानातच कोसळला’ हे वाक्य केसपेपरवर आलं नाही, तर तो डाग कुटुंबाच्या माथी कायमचा बसतो.

पैशाचा प्रश्नही इथेच आहे. गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजनेत विषबाधेनं झालेल्या अपघाती मृत्यूला दोन लाख रुपये मिळतात. आत्महत्या त्यात बसत नाही. अर्थात संकेतांक म्हणजे न्यायनिवाडा नव्हे. दावा पोलिसांची कागदपत्रं, पंचनामा आणि शवविच्छेदनाचा अहवाल यांवर ठरतो. पण या सगळ्यांची सुरुवात दवाखान्यातल्या पहिल्या नोंदीपासून होते. आणि एक उघड अन्याय इथे सांगितलाच पाहिजे: योजना खातेदार शेतकरी आणि त्याच्या कुटुंबातल्या एका सदस्यासाठी आहे. दुसऱ्याच्या रानात रोजानं पंप मारणारा भूमिहीन मजूर तिच्या बाहेर राहतो.

‘मृत्यूच्या दाखल्यावर हृदयक्रिया बंद पडली असं लिहिलंय, मग झालं की!’ हेही चूकच. हृदय प्रत्येकाचंच थांबतं. ते मृत्यूचं कारण नाही. डॉक्टर कारण शब्दांत लिहितात, त्यावरून संकेतांक बहुतेकदा नंतर दुसरं कुणी बसवतं. मूळ कारणाच्या ओळीत ‘फवारणी करताना कीटकनाशकाची विषबाधा’ असं नसेल, तर तो मृत्यू हृदयविकारांत मोजला जाण्याची शक्यता असते. जिल्ह्यात किती फवारणीबळी झाले हे मग सरकारलाही दिसत नाही. कीटकनाशक कायदा, १९६८च्या कलम २६नुसार विषबाधेच्या घटना कळवणं राज्य सरकार बंधनकारक करू शकतं. पण कळवणार काय, जर मुळात लिहिलंच नसेल?

म्हणून रुग्णाला नेताना अंगावरचे भिजलेले कपडे काढा, कातडी साबण-पाण्यानं धुवा आणि बाटली किंवा पुडा लेबलसकट सोबत घ्या. दोन औषधं मिसळली असतील तर दोन्ही घ्या. कोणतं औषध, किती वेळ, कुठे फवारलं, हे स्पष्ट सांगा आणि केसपेपरवर लिहून घ्या. एका दवाखान्यातून दुसरीकडे पाठवलं, तर हीच माहिती सोबतच्या चिठ्ठीवर आहे ना, ते पाहा. दुर्दैवानं मृत्यू ओढवलाच, तर जन्म-मृत्यू नोंदणी कायद्याच्या २०२३च्या दुरुस्तीनुसार मृत्यूच्या कारणाच्या वैद्यकीय प्रमाणपत्राची प्रत जवळच्या नातेवाइकाला मिळायला हवी. ती मागून घ्या आणि वाचा. विषाबद्दल काहीही विचारायचं असेल, तर दिल्लीच्या एम्समधल्या राष्ट्रीय विष माहिती केंद्राचा निःशुल्क क्रमांक १८०० ११६ ११७ आजच मोबाइलमध्ये साठवून ठेवा.