खुराडं बांधताय? आधी मुंगसाचा विचार करा

मुळशीला सेकंड होम झालं, आंब्याची कलमं लागली, झोपाळाही आला. आता पुढचा फंडा म्हणजे गावरान अंडी! ‘घरच्या कोंबडीची आहेत हं’ म्हणत सोमवारी ऑफिसात अंडी वाटण्याची ऐट काही औरच. फक्त एक लक्षात घ्या, चार कोंबड्या आणल्याची बातमी तुमच्या मित्रांआधी मुंगसाला लागते.

पहिली गडबड हार्डवेअरच्या दुकानातच होते. आपण ‘कोंबडी जाळी’ मागतो आणि दुकानदार षटकोनी भोकांची, बारीक तारेची जाळी देतो. नावावर जाऊ नका. ती कोंबड्यांना आत ठेवते, बाहेरच्याला अडवणं तिला जमत नाही. कुत्रा दातांनी ओढून ती फाडतो, साप आणि उंदीर भोकांतून आरामात शिरतात. त्यापेक्षा अर्ध्या इंचाची गॅल्व्हनाइज्ड वेल्डमेश घ्या. महाग पडते, मान्य. बजेट कमी असेल तर दोन कोंबड्या कमी पाळा, जाळीत काटकसर नको. झोपायच्या जागेत एका कोंबडीला दोन चौरस फूट पुरतात, फिरायला मात्र आठ-दहा तरी हवेत.

मुंगूस दिवसाढवळ्या येतं आणि जमीन उकरतं. म्हणून जाळी फूटभर खाली गाडायची. खाली कातळ लागला तर ती बाहेरच्या बाजूला दीड-दोन फूट आडवी पसरून वर दगडमाती टाका. उकरणारा प्राणी अगदी जाळीला चिकटून उकरतो. पायाखालीही जाळीच लागली, तर दोन पावलं मागे जाऊन सुरुवात करावी हे त्याला सहसा सुचत नाही!

रात्रीची शिफ्ट उदमांजराची. ते सराईत चढतं, म्हणून छत हवंच. त्यानं दिवसा शिक्र्याचाही बंदोबस्त होतो. दाराला नुसती कडी नको, कडीत कुलूप अडकवा. अंधारात कोंबडीला जेमतेम दिसतं, दांडीवर बसली की ती हलत नाही. आणि आत शिरलेला प्राणी पोटापुरतं मारून थांबेलच असं नाही. सकाळी सगळ्या खुराड्यात नुसती पिसं! गावाकडे आजी रोज तिन्हीसांजेला कोंबड्या डालग्याखाली झाकायची, ती काही हौस नव्हती. (विष घालायचा किंवा सापळा लावायचा विचारही नको. मुंगूस, उदमांजर दोघांनाही वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२ चं संरक्षण आहे.)

आता खरा प्रश्न. रविवारी संध्याकाळी तुम्ही चांदणी चौकाच्या ट्रॅफिकमध्ये अडकलेले असता. मग सोमवार ते शुक्रवार, दिवेलागणीला कोंबड्या मोजून दार कोण लावणार? बाजूच्या वस्तीतल्या एखाद्या मावशींशी जाळी आणायच्या आधीच बोलून घ्या, त्यांच्या रोजच्या फेरीचे पैसेही ठरवा. नाही जमलं, तर त्यांच्याच कोंबड्यांची अंडी विकत घ्या.