बाळंतिणीच्या मनाचं काय?

घरात बाळ आलं की सगळं घर कामाला लागतं. डिंकाचे लाडू वळले जातात, अळिवाची खीर होते, अंग चोळायला बाई ठरते, शेकशेगडीची तयारी होते. बाळंतिणीच्या कमरेची, भुकेची, दुधाची चौकशी दिवसातून दहा वेळा होते. होत नाही ती फक्त तिच्या मनाची चौकशी. तिनं आपणहून काही सांगायला जावं, तर 'सोन्यासारखं बाळ मांडीवर असताना रडतेस काय? दूध आटेल!' हे उत्तर ठरलेलं. मग तिनं बोलायचं तरी कुणाशी?

बाळंतपणानंतर तिसऱ्या-चौथ्या दिवसापासून उगाचच रडू येणं, चिडचिड होणं हे निम्म्याहून अधिक बायकांच्या वाट्याला येतं. गरोदरपणी वाढलेली संप्रेरकं एकदम खाली येतात, त्यात रात्रीची झोप मोडलेली. हे मळभ बहुधा पंधरवड्यात सरतं. पण ते सरलंच नाही तर? बाळ शांत झोपलेलं असतानाही आईचा डोळा लागत नाही, त्याचा श्वास चालू आहे ना हे ती पुन्हा पुन्हा उठून बघते, कशात गोडी वाटत नाही, 'मी चांगली आई नाही' हेच मनात घोळत राहतं. हा लाडावलेपणा नव्हे, हा आजार आहे आणि तो बरा होतो.

तो आपल्याकडे नाही, अशा समजुतीतही राहू नये. गोव्यात बाळंतिणींची पाहणी करून 2002 साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात, बाळंतपणानंतर सहा ते आठ आठवड्यांनी 23 टक्के आयांमध्ये नैराश्य आढळलं. गरिबी आणि नवऱ्याशी बिघडलेले संबंध ही त्यामागची मोठी कारणं होती. मुलगा झाला की मुलगी, याचाही त्यात वाटा होता. म्हणजे दुखणं बाईच्या मनात असलं, तरी त्याची मुळं पुष्कळदा घरातच असतात.

आता दुधाविषयी. दूध तयार होणं आणि पान्हा सुटणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. ताण, वेदना, भीती यांनी पान्हा काही वेळ अडखळतो. पण दूध तयार होणं मुख्यतः बाळ किती वेळा आणि किती नीट ओढतं यावर ठरतं. म्हणून 'रडलीस तर दूध आटेल' या धाकानं चिंता तेवढी वाढते. त्यापेक्षा खुणा बघाव्यात. पहिल्या आठवड्यानंतर बाळाला दिवसरात्रीत सहा किंवा अधिक वेळा शू होत असेल आणि वजन वाढत असेल, तर दूध पुरतं आहे. बाळ रडलं की भुकेनंच, असं नव्हे.

काही जणींना पान्हा सुटण्याच्या क्षणी अचानक खिन्न वाटतं आणि दोन-चार मिनिटांत ते ओसरतं. हा शरीराचा व्यापार आहे. त्याचा अर्थ बाळ नकोसं झालं आहे, असा मुळीच नाही.

पंधरवडा उलटूनही मन थाऱ्यावर नसेल, तर डॉक्टरांना मोकळेपणी सांगावं. रक्त कमी असणं, थायरॉईड बिघडणं यांचीही लक्षणं अशीच दिसतात, ती तपासता येतात. कित्येकींना समुपदेशनानंच बरं वाटतं. औषध लागलंच, तर 'अंगावर पाजते आहे' हे डॉक्टरांना आवर्जून सांगावं. सर्ट्रालिनसारखी काही औषधं दुधात फार थोडी उतरतात आणि ती घेत असताना पाजता येतं. आपल्या मनानं गोळी सुरू करू नये, बंदही करू नये. अंगावर पाजणं झेपेनासंच झालं आणि डॉक्टरांच्या सल्ल्यानं वरचं दूध द्यावं लागलं, तर त्यात आई हरली असं काही नाही. बाळाला दूध हवं, तशी धड असलेली आईही हवी.

मात्र स्वतःला किंवा बाळाला इजा करण्याचे विचार येत असतील, भास होत असतील, बोलणं असंबद्ध झालं असेल, तर तिला क्षणभरही एकटी सोडू नये आणि त्याच दिवशी रुग्णालयात न्यावं. 14416 या टेलि-मानसच्या क्रमांकावर मराठीतूनही बोलता येतं, पैसे पडत नाहीत.

आणि घरच्यांनी काय करावं? बाळाला पाजणं आईचं, पण ढेकर काढणं, लंगोट बदलणं, फिरवून निजवणं नवऱ्याला येण्यासारखं आहे. तिला सलग चार तास झोप मिळाली, तर ती लाडवांपेक्षा अधिक गुण देते. आज्या-मावश्यांनी 'आमच्या वेळी' हे दोन शब्द महिनाभर बाजूला ठेवावेत. बघायला येणाऱ्यांनी बाळ कुणासारखं दिसतं ते जरूर सांगावं, पण त्याआधी आईजवळ बसून विचारावं, 'तुला कसं वाटतंय गं?' आणि उत्तर येईपर्यंत थांबावं. तिचे डोळे भरून आले, तर ते पुसायची घाई करू नये.