चष्म्याचे लेझर : ऑपरेशन पंधरा मिनिटांचे, पथ्य काही महिन्यांचे

दहावी-बारावीचे निकाल लागले की मारेगावात दोन प्रश्न हमखास कानावर येतात. मुलाचे वालिद विचारतात, "भरतीला चष्मा चालत नाही म्हणतात, लेझर करून टाकावे का?" मुलीची अम्मी आवाज जरा खाली आणून विचारते, "रिश्ते येत आहेत. चष्मा निघाला तर बरे होईल ना?" वर्गात शिकवणाऱ्या माणसाला सगळेच ठाऊक असते असा लोकांचा समज असल्याने हे प्रश्न माझ्यापर्यंतही येतात. डोळा तपासून निर्णय देण्याचे काम डॉक्टरांचेच आहे. पण डॉक्टरांसमोर बसण्यापूर्वी घरातल्या सगळ्यांनी काय समजून घ्यावे आणि काय विचारावे, एवढे सांगण्यासाठी हा लेख.

आधी विचारा, कोणते लेझर?

आपल्याकडे डोळ्याच्या जवळजवळ प्रत्येक उपचाराला 'लेझर' म्हणतात, आणि अर्धा गोंधळ तिथेच होतो.

मोतीबिंदूचे जे 'बिनटाक्याचे लेझर' म्हणून सांगितले जाते, ते बहुतेक वेळा लेझर नसतेच. त्यात अल्ट्रासाऊंडच्या कंपनांनी मोतीबिंदू फोडून ओढून घेतात आणि आत कृत्रिम भिंग बसवतात. त्या ऑपरेशननंतर काही महिन्यांनी किंवा वर्षांनी भिंगामागचा पडदा धुरकट झाला, तर तो मात्र खरोखर लेझरने मोकळा करतात. त्याला काही मिनिटे पुरतात, चिरा लागत नाही.

मधुमेह असलेल्यांच्या डोळ्यातील मागच्या पडद्यावर, म्हणजे रेटिनावर, जे लेझर होते ते आणखी वेगळे. त्याचे काम उरलेली नजर वाचवण्याचे आहे. गेलेली नजर त्याने सहसा परत येत नाही. हे न सांगता-समजता लेझर झाले की घरातले ज्येष्ठ म्हणतात, "पैसे गेले, दिसायला काही फरक नाही," आणि पुढच्या तारखेला जात नाहीत. इथेच नजर कायमची जाते. तुमच्या अब्बांना किंवा दादीला हे लेझर सांगितले असेल, तर 'फरक न दिसणे' हे अपयश नाही, हे त्यांना आधीच समजावा. साखर आटोक्यात ठेवा आणि तपासणीची एकही तारीख चुकवू नका.

आज आपण बोलणार आहोत ते चष्म्याचा नंबर घालवण्याच्या लेझरबद्दल.

हे लेझर करते काय?

बुबुळाच्या पुढे घड्याळाच्या काचेसारखा एक पारदर्शक पडदा असतो. त्याला कॉर्निया म्हणतात. डोळ्यात शिरणारा प्रकाश मुख्यतः तोच वळवतो. डोळा लांबट असला की चित्र रेटिनाच्या अलीकडेच तयार होते आणि दूरचे धूसर दिसते. हाच 'मायनस' नंबर. लेझर कॉर्नियाचा आकार बदलून ते चित्र जागेवर आणते.

डोळ्याच्या विद्येत आपल्या पूर्वसुरींचा वाटा मोठा आहे. एक हजार वर्षांपूर्वी कैरो येथे इब्न अल-हैसम यांनी 'किताब अल-मनाझिर' मध्ये मांडले की, वस्तूकडून प्रकाश डोळ्यात येतो म्हणून आपल्याला दिसते. त्याच काळात मोसुलचे अम्मार इब्न अली यांनी पोकळ सुईने मोतीबिंदू ओढून काढण्याची रीत लिहून ठेवली. अलीकडचा टप्पा मद्रासमध्ये जन्मलेले शास्त्रज्ञ रंगास्वामी श्रीनिवासन यांचा. 1981 मध्ये अमेरिकेतील आयबीएमच्या प्रयोगशाळेत त्यांनी व त्यांच्या सहकाऱ्यांनी दाखवले की, एक्सायमर लेझर आजूबाजूचा भाग न भाजता सजीव पेशींचा अतिशय पातळ थर उडवू शकतो. पहिला प्रयोग झाला तो सणाच्या जेवणातून उरलेल्या टर्की पक्ष्याच्या मांसावर!

आज तीन पद्धती प्रचलित आहेत. लॅसिकमध्ये कॉर्नियाचा वरचा पातळ थर झाकणासारखा उघडतात, खाली लेझर मारतात आणि झाकण परत बसवतात. पीआरकेमध्ये झाकण न करता फक्त सर्वांत वरची पातळ त्वचा काढून लेझर मारतात. ती त्वचा पुन्हा येते. स्माईलमध्ये लेझरनेच कॉर्नियाच्या आत एक चकती कोरून ती लहानशा चिरेतून बाहेर काढतात. महाग ती चांगली, असा हिशेब इथे लागत नाही. डोळा कसा आहे त्यावर पद्धत ठरते.

साधे गणित, जे जाहिरातीत नसते

कॉर्नियाची जाडी साधारण अर्धा मिलिमीटर, म्हणजे 500 ते 550 मायक्रॉन असते. एक नंबर घालवायला ढोबळमानाने 15 मायक्रॉन थर खर्ची पडतो. लॅसिकचे झाकण सुमारे 110 मायक्रॉनचे. आणि खाली किमान 250 मायक्रॉन थर शिल्लक राहायलाच हवा; बरेच डॉक्टर 300 धरतात.

आता वजाबाकी करा. जाडी 540, नंबर 4. झाकणाचे 110 आणि लेझरचे 60 गेले, उरले 370. उत्तम. दुसऱ्या मुलीची जाडी 490, नंबर 9. झाकणाचे 110 आणि लेझरचे 135 गेले, उरले 245. हे लॅसिक करू नये. केले तर कमजोर कॉर्निया पुढे फुगू शकतो आणि मग चष्म्यानेही नीट दिसत नाही.

म्हणून तपासणीत कॉर्नियाची जाडी आणि आकाराचा नकाशा काढणे अत्यावश्यक आहे. ज्यांना डोळे चोळण्याची सवय आहे, ज्यांचा तिरका नंबर भराभर वाढतो आहे, त्यांच्यात कॉर्निया शंकूसारखा होण्याचा आजार लपलेला असू शकतो. तसेच पुढील परिस्थितीत डॉक्टर थांबायला किंवा नको म्हणतात :

- वय 18 पेक्षा कमी असेल, किंवा मागच्या एका वर्षात नंबर बदलला असेल
- गर्भारपण किंवा बाळ अंगावर पीत असेल
- डोळे फार कोरडे असतील, संधिवातासारखा आजार असेल किंवा मधुमेह आटोक्यात नसेल

कॉन्टॅक्ट लेन्स वापरत असाल तर तपासणीपूर्वी त्या काही दिवस बंद कराव्या लागतात. मऊ लेन्स एक-दोन आठवडे, कडक लेन्स त्याहून जास्त. नाहीतर मापच चुकते.

सगळ्यात महत्त्वाचे : एखाद्या डॉक्टरांनी 'तुम्हाला हे लेझर करता येणार नाही' असे सांगितले, तर त्यांचे आभार माना. 'हो' म्हणणारा शोधत शहरे पालथी घालू नका. शंका असेल तर दुसऱ्या डॉक्टरांचे मत जरूर घ्या, पण पहिला नकार का मिळाला हे त्यांना सांगून.

भरती आणि खर्च

भरतीसाठी लेझर करण्याआधी त्या पदाच्या जाहिरातीतील वैद्यकीय अटी वाचा. रेल्वेत असिस्टंट लोको पायलट पदासाठी लॅसिक केलेले उमेदवार अपात्र ठरतात. म्हणजे ज्या नोकरीसाठी ऑपरेशन केले, तिचेच दार बंद! सैन्यदलातही वय, ऑपरेशननंतरचा काळ आणि डोळ्याची मापे यांच्या अटी असतात.

खर्चाचे म्हणाल तर आरोग्य विम्याच्या नियमानुसार 7.5 पेक्षा कमी नंबर घालवण्याचा खर्च विम्यातून वगळलेला असतो. कर्ज काढून करण्याइतके हे ऑपरेशन तातडीचे कधीच नसते.

त्या दिवशी काय होते?

आपल्या भागातून नागपूरसारख्या शहरात जाणार असाल, तर एक मुक्काम धरूनच निघा. दुसऱ्या दिवशी तपासणी असतेच, आणि त्याच रात्री एसटीच्या धुळीतून परतणे बरे नव्हे. सोबत घरचे माणूस हवे.

इंजेक्शन नसते, थेंब टाकून डोळा बधिर करतात. पापणी मिटू नये म्हणून छोटा चिमटा लावतात. समोरच्या दिव्याकडे बघत राहायला सांगतात. थोडा वेळ डोळ्यावर दाब जाणवतो, क्षणभर अंधारून येते, यंत्राचा टकटक आवाज होतो आणि जळाल्यासारखा वास येतो. घाबरू नका, डोळा भाजत नसतो. प्रत्यक्ष लेझर एका मिनिटाच्या आसपास आटोपते आणि दोन्ही डोळे मिळून पंधरा-वीस मिनिटांत माणूस उठून बसतो.

नंतरचे दिवस

लॅसिकनंतर पहिले चार-सहा तास डोळ्यात वाळू गेल्यासारखे खुपते, पाणी येते, उजेड सहन होत नाही. डोळे मिटून झोपणे हाच उपाय. दुसऱ्या दिवशी बहुतेकांना चष्म्याशिवाय बरेच स्पष्ट दिसते. पीआरकेमध्ये मात्र तीन ते पाच दिवस चांगलेच दुखते आणि नजर स्थिर व्हायला काही आठवडे ते तीन महिने लागतात. सोबत झालेल्या मैत्रिणीला लगेच दिसू लागले आणि मला नाही, म्हणून रडत बसू नये. पद्धत वेगळी, वेळ वेगळा.

कोरडेपणा तीन ते सहा महिने राहू शकतो. रात्री दिव्यांभोवती वलये दिसणे हळूहळू कमी होते, पण काहींना थोडे राहते. रात्री गाडी चालवणाऱ्यांनी याचा आधी विचार करावा.

पथ्ये अशी :

- डोळे अजिबात चोळू नका. लॅसिकचे झाकण सरकू शकते. झोपताना आठवडाभर डोळ्यांवर झाकण लावा.
- आठवडाभर डोळ्यात नळाचे पाणी, साबण जाऊ देऊ नका. विहीर, नदी, तलावात महिनाभर पोहणे नको.
- सुरमा, काजळ आणि मेकअप किमान दोन आठवडे बंद. जुनी सुरमेदानी तर नंतरही वापरू नका.
- चुलीचा धूर, कापूस वेचणी, मळणी यंत्राची धूळ टाळा. बाहेर पडताना गॉगल हवा.
- कबड्डी, कुस्तीपासून किमान महिनाभर दूर. असे खेळ कायम खेळायचे असतील तर ऑपरेशनपूर्वीच सांगा. झाकण नसलेली पद्धत बरी पडते.
- स्टिरॉइडचे थेंब ठरलेल्या दिवशी बंद करा. बरे वाटते म्हणून दुकानातून परत आणून टाकत राहिल्यास डोळ्याचा दाब वाढून काचबिंदू होऊ शकतो.

दुखणे कमी होण्याऐवजी वाढले, लाली किंवा पू आला, नजर अचानक घटली किंवा डोळ्याला मार लागला, तर तारखेची वाट न पाहता त्याच दिवशी डॉक्टर गाठा.

वजू, नमाज आणि रोजा

वजूत चेहऱ्यावर पाणी मारण्याऐवजी डोळे वाचवून ओल्या हाताने चेहरा पुसण्याची किंवा तयम्मुमची सवलत आपल्याला कशी लागू होते, हे डॉक्टरांचा सल्ला सांगून आलिमांना विचारावे. डॉक्टरांनी वाकायला मनाई केली असेल, तर बसून इशाऱ्याने नमाज अदा करण्याची मुभा आजारी माणसाला आहेच. थेंबांबाबत जेद्दाह येथील आंतरराष्ट्रीय इस्लामी फिक्ह अकादमीने 1997 मध्ये असे मत दिले की, घशात उतरलेले मुद्दाम गिळले नाही तर डोळ्यातल्या थेंबांनी रोजा तुटत नाही. तरी मन साशंक राहणार असेल, तर रमजान सोडून दुसरी तारीख घेणे सोपे.

निकाह ठरला असेल तर

निकाहच्या तोंडावर हे ऑपरेशन मुळीच करू नका. मेकअप, जागरण, धूर आणि रुखसतीचे रडणे, सगळेच नव्या डोळ्याला जड. करायचेच तर तीन-चार महिने आधी. आणि स्थळाकडच्यांपासून ते लपवू नये. लेझरने नंबर जातो, पण डोळ्याची लांबी तीच राहते. जवळचे दिसणारा डोळा मुलांमध्येही उतरू शकतो. मोठा मायनस नंबर असलेल्यांना रेटिना फाटण्याचा धोकाही लेझरनंतर तसाच राहतो. डोळ्यासमोर अचानक ठिणग्या चमकल्या किंवा काळे ठिपके वाढले तर 'माझे तर लेझर झाले आहे' म्हणून थांबू नका. चाळिशीत वाचनाचा चष्मा तर लागणारच.

शेवटची गोष्ट, जी रुग्णालयातून निघताना सर्वांत आधी विसरली जाते. ऑपरेशनपूर्वीच्या मापांची फाईल मागून घ्या आणि निकाहनाम्याइतकी जपून ठेवा. म्हातारपणी मोतीबिंदू झाला की भिंगाचा नंबर काढायला ती मापे लागतात. शिवाय कॉर्निया पातळ झाल्याने डोळ्याचा दाब यंत्रावर खऱ्यापेक्षा कमी दिसतो, म्हणून पुढे प्रत्येक डॉक्टरांना 'माझे लेझर झाले आहे' हे सांगायला हवे. आज वीस वर्षांच्या मुलीच्या हाती दिलेली ती फाईल तिच्या साठाव्या वर्षी उपयोगी पडेल, इन्शाअल्लाह.