गामाचा वाटाड्या कोण होता?

वास्को-द-गामा मे १४९८ मध्ये कालिकतला पोहोचला, हे आपण वर्गात शिकवतो. आज केनियात असलेल्या मालिंदी बंदरातून एका जाणकार वाटाड्याने त्याला समुद्रापार आणले, हेही सांगतो. हा वाटाड्या कोण? अनेक पुस्तके सांगतात, अरब नौकानयनतज्ज्ञ अहमद इब्न माजिद. काही पुस्तकांत तो गुजराती असल्याचे वाचायला मिळते. दोन्ही मजकूर छापील. मग विद्यार्थ्यांना काय सांगायचे?

अशा वेळी आम्ही एक साधी युक्ती करतो. त्या सफरीवरचे ग्रंथ लेखकांच्या नावांनुसार न लावता, घटनेनंतर किती वर्षांनी लिहिले गेले या क्रमाने लावतो.

सर्वांत जवळची आहे सफरीची रोजनिशी. ती ताफ्यातल्याच कोणीतरी लिहिली. तिची सोळाव्या शतकातील हस्तलिखित नक्कल पोर्तुगालमधील पोर्तो येथे आहे आणि ती प्रथम १८३८ मध्ये छापली गेली. मालिंदीच्या राजाने एक ‘ख्रिस्ती’ वाटाड्या दिला, एवढेच ती म्हणते. नाव देत नाही. पण हाच लेखक कालिकतच्या देवळालाही चर्च समजला होता! तेव्हा त्याचा ‘ख्रिस्ती’ हा हिंदूही असू शकेल.

यानंतर पन्नासेक वर्षांनी दोन पोर्तुगीज इतिहास आले : कास्तान्येदा याचा १५५१ मध्ये आणि बारोश याचा १५५२ मध्ये. दोघेही वाटाड्याला गुजराती म्हणतात. बारोश त्याला मुसलमान ठरवतो आणि ‘मालेमो काना’ असे नाव देतो. यातील ‘मालेमो’ म्हणजे अरबी ‘मुअल्लिम’, अर्थात शिक्षक. जहाजाला वाट दाखवणाऱ्यालाही हाच शब्द होता. ‘काना’चा संबंध अभ्यासक ‘गणक’ या शब्दाशी लावतात. म्हणजे हे माणसाचे नाव नसून त्याच्या कामाचे नाव असावे.

मग इब्न माजिद कोठून आला? सोळाव्या शतकाच्या उत्तरार्धात मक्केतील कुतुबुद्दीन नहरवाली याने लिहिलेल्या अरबी इतिहासात हे नाव येते. विसाव्या शतकात फ्रेंच अभ्यासक गाब्रिएल फेराँ याने त्या आधारे ही ओळख पुढे मांडली आणि तेथून ती असंख्य पुस्तकांत उतरली. इब्न माजिद थोर नाविक होता, यात शंका नाही. नौकानयनावरचा त्याचा मोठा ग्रंथ १४९० च्या सुमाराचा आहे. परंतु गामाचा वाटाड्या तोच होता, हे पुढच्या अनेक अभ्यासकांना पटलेले नाही. दहा पुस्तकांनी एकाच पुस्तकावरून उतरवून घेतले, तर पुरावे दहा होत नाहीत. पुरावा एकच राहतो.

जवळचा साक्षीदार सगळेच बरोबर सांगतो, असेही नाही. देवळाला चर्च म्हणणे हा लेखकाने लावलेला अर्थ होता आणि तो चुकला. पण मोजलेले दिवस ही वेगळ्या प्रकारची माहिती आहे. रोजनिशीनुसार जहाजे २४ एप्रिल १४९८ रोजी मालिंदीहून निघाली आणि १८ मे रोजी भारताचा डोंगराळ किनारा दिसला. म्हणजे २४ दिवस. परतताना ती ५ ऑक्टोबरला कारवारजवळच्या अंजदीव बेटावरून निघाली आणि आफ्रिकेचा किनारा दिसला २ जानेवारी १४९९ रोजी. म्हणजे ८९ दिवस! जाताना नैर्ऋत्येचे वारे पाठीशी होते. ऑक्टोबरमध्ये ईशान्येचे वारे अजून स्थिरावलेले नव्हते; कधी वारा पडलेला, कधी समोरून येणारा. ताज्या अन्नावाचून क जीवनसत्त्वाच्या अभावाने होणारा स्कर्व्ही बळावला आणि या टप्प्यात सुमारे ३० माणसे दगावली. वाऱ्यांचे वेळापत्रक जाणणाऱ्या वाटाड्याची किंमत या दोन आकड्यांवरून कळते.

वरिष्ठ वर्गांत हे दोन आकडे फळ्यावर लिहून फरकाचे कारण विद्यार्थ्यांनाच शोधू द्यावे. नंतर वाटाड्याविषयीची वेगवेगळी विधाने कागदाच्या पट्ट्यांवर लिहून ती काळाच्या क्रमाने लावायला सांगावीत. आणि वाटाड्याचे नाव विचारलेच, तर पुराव्याला धरून उत्तर द्यावे : तो बहुधा गुजराती होता, त्याचे नाव कोणीही खात्रीने नोंदवून ठेवलेले नाही.