केस सुटली म्हणजे तक्रार खोटी ठरते का?

मैत्रिणींनो, बचत गटाच्या बैठकीत मारहाणीचा विषय निघाला की कुणीतरी हमखास म्हणतं, "पोलिसात गेलीस अन् केस सुटली, तर खोटी तक्रार केली म्हणून तो घटस्फोट घेईल." मंचरला म्हणा, ओतूरला म्हणा, ही भीती आम्ही सगळीकडे ऐकतो. तिच्यात अर्धंच खरं आहे.

१९५५ च्या हिंदू विवाह कायद्यात क्रूरता हे घटस्फोटाचं एक कारण आहे. जोडीदारावर जाणूनबुजून खोटा गुन्हा टाकणं हीसुद्धा क्रूरता, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१४ साली सांगितलं. पण २०१७ च्या निकालात हेही सांगितलं, की आरोपी निर्दोष सुटला एवढ्यावरून बायकोने क्रूरता केली असं होत नाही. आरोप धडधडीत खोटे होते हे दिसायला हवं. बंद दाराआड झालेल्या मारहाणीला साक्षीदार कुठून आणायचे? पुरावा कमी पडणं वेगळं, गोष्ट रचणं वेगळं.

म्हणून तक्रारीत घडलं तेवढंच लिहा. कधी, कुठे, कुणी मारलं, कुणी पाहिलं. लागलं असेल तर सरकारी दवाखान्यात दाखवून कागद जपून ठेवा. रागाच्या भरात मुंबईला राहणाऱ्या नणंदेचं नाव घालू नका. एक नाव खोटं निघालं की खऱ्या मारावरचाही विश्वास उडतो. "जास्त नावं टाक, केस मजबूत होईल" म्हणणारे गावात पुष्कळ. कोर्टाच्या तारखेला मात्र त्यातलं कुणी दिसत नाही.

आणि हे नवऱ्यालाही लागू आहे, बरं का. २००३ च्या भाटे विरुद्ध भाटे खटल्यात घटस्फोट बायकोने मागितला होता. नवऱ्याने कोर्टातल्या लेखी उत्तरात तिच्या चारित्र्यावर शिंतोडे उडवले आणि नंतर ते आरोप काढून घेतले. काढून घेतले तरी क्रूरता झालीच, असं म्हणून सर्वोच्च न्यायालयाने तिचा घटस्फोट कायम ठेवला.

आता पश्चिम पट्ट्यातल्या महादेव कोळी, ठाकर भगिनींसाठी. हिंदू विवाह कायदा अनुसूचित जमातींना आपोआप लागू होत नाही. तिथे काडीमोड जमातीच्या रूढीने ठरतो. पण छळाचं कलम, म्हणजे पूर्वीचं ४९८ अ, १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेचं ८५, आणि कौटुंबिक हिंसाचाराचा कायदा तुम्हालाही आहे.

वकिलाला पैसे नसतील तर जुन्नर किंवा घोडेगावच्या कोर्टात तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज द्या. बाईमाणसाला त्यासाठी उत्पन्नाची अट नाही.