कागदावर अर्धवेळ

परवा बचत गटाची मीटिंग आटोपली. सगळ्या बायका गेल्या, पण मावशी मागे रेंगाळल्या. म्हणाल्या, "वहिनी, कोर्टात गेलं तर कामावरून काढतील का हो?"

मावशी एका सरकारी कचेरीत झाडलोट करतात. कागदावर 'अर्धवेळ'. प्रत्यक्षात साहेबांच्या आधी दार उघडायचं, पाणी भरायचं, चहा, टपाल... घरी यायला संध्याकाळ. अशी अठरा वर्षं! पैसे व्हाउचरवर, हजेरीपटात नाव नाही. रजा नाही, पेन्शन नाही.

'घाबरू नका' म्हणणं सोपं होतं. पण उगाच धीर देणं बरं नव्हे, म्हणून ओळखीच्या वकीलबाईंना गाठलं. मैत्रिणींनो, कळलं ते तुम्हालाही सांगते. आपल्या ओळखीत अशी एखादी मावशी असतेच.

राज्य सरकारच्या नोकरीतली तक्रार आधी प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे, म्हणजे 'मॅट'कडे न्यायची. केंद्राचं न्यायाधिकरण वेगळं, 'कॅट'. पण त्यांचा शब्द अखेरचा नाही. 1997 साली सर्वोच्च न्यायालयाने एल. चंद्रकुमार खटल्यात ठरवलं, की त्यांचे निकाल उच्च न्यायालयाचं दोन न्यायमूर्तींचं खंडपीठ तपासू शकतं.

खरी अडचण पुढे आहे. 2006 च्या उमादेवी खटल्यात न्यायालयाने मागच्या दाराने आलेल्यांना कायम करायला नकार दिला. सवलत ठेवली ती मंजूर पदावर दहा वर्षं राबलेल्या, नेमणुकीत फक्त अनियमितता असलेल्या पात्र माणसांसाठी, तीही एकदाच. अर्धवेळवाल्यांचं घोडं या 'मंजूर पदा'पाशीच अडतं. चंदीगडच्या पोस्टातल्या अर्धवेळ सफाई कामगारांचं तेच झालं. कॅटमध्ये हरले, उच्च न्यायालयाने दिलासा दिला, पण 2021 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो काढून घेतला.

मग आला डिसेंबर 2024 चा निकाल. केंद्रीय जल आयोगाच्या कचेरीत सफाई आणि बागकाम करणारी चार माणसं. एप्रिल 2018 मध्ये कॅटने अर्ज फेटाळला आणि ऑक्टोबरमध्ये त्यांना कामावरून काढलंच! दिल्ली उच्च न्यायालयातही हार. सर्वोच्च न्यायालयाने मात्र नावाच्या पाटीपेक्षा काम पाहिलं. रोज लागणारं, वर्षानुवर्षं चाललेलं काम तात्पुरतं कसं? तेच काम नंतर बाहेरच्या एजन्सीला दिलं, म्हणजे गरज होतीच की! चौघांना परत घेऊन कायम करा, असा आदेश झाला. मधल्या काळाचा पगार मिळाला नाही, पण ती वर्षं निवृत्तीच्या लाभांसाठी धरली गेली.

मावशींना दोन्ही बाजू सांगितल्या. त्या गप्प झाल्या. मग हळूच म्हणाल्या, "जिंकले ते बरंच झालं. पण मधली सहा वर्षं चौघांनी खाल्लं काय असेल?"

माझ्याकडे उत्तर नव्हतं. मॅटकडे जायला मुदत असते, साधारणपणे आदेशापासून एक वर्षाची, आणि कोर्टाला लागतो पुरावा, एवढं मात्र सांगितलं. जायचं की नाही, ते मावशींनीच ठरवायचं.

रविवारी त्या आल्या. हातात प्लास्टिकची पिशवी, तिच्यात जुन्या व्हाउचरच्या प्रती, एका साहेबांनी दिलेलं कामाचं पत्र. "ठरलं नाही अजून," त्या म्हणाल्या, "पण तारखेप्रमाणे लावून तर ठेवू."

आम्ही दोघी जमिनीवर बसून लावू लागलो.